उजव्या हाताची तालीम

उभारीचा तडाखा माझ्या भावाच्या डोक्याला डाव्या बाजूने बसला आणि त्याचा उजवा हात गेला. बैलगाडीच्या कडेला जे जाड दांडे उभे खोवतात, त्यातल्या एकाला आमच्याकडे उभारी म्हणतात. मारणारा आमचा चुलतभाऊ होता. भांडण धुऱ्याचं होतं, म्हणजे दोन शेतांच्या मधल्या हातभर रुंद मातीच्या पट्ट्याचं. चुलतभावाने नांगरताना धुरा दोन ओळी आत कोरला, असं माझा भाऊ म्हणत होता. तीन वर्षं तूच कोरत आला आहेस, असं चुलतभाऊ म्हणत होता. बोंडअळीने सलग कापूस खाल्लेली ती वर्षं होती. जमिनीतून काही हाती लागत नव्हतं तेव्हा माणसं जमिनीच्या कडांवरून एकमेकांवर तुटून पडत होती. त्या उन्हाळ्यात मूर्तिजापूरकडच्या खेड्यांतून डोकी फुटलेली बरीच माणसं अकोल्याच्या दवाखान्यांत येत होती. माझा भाऊ त्यांतला एक.

मी अकोल्याला एका महाविद्यालयात ग्रंथपाल होते, एकटी राहत होते. टाके निघाल्यावर भावाला मी माझ्याकडे आणलं. माय गावीच राहिली, कारण बाबा तेव्हा अंथरुणाला खिळलेले होते. भावाचा पाय महिन्याभरात चालू लागला, बोलणंही परतलं. हात मात्र खांद्यापासून ओल्या टॉवेलसारखा लोंबत होता. व्यायाम शिकवायला येणाऱ्या बाईंनी त्याला मळायला मातीचा गोळा दिला. त्याने तो डाव्या हाताने उचलून भिंतीवर मारला. दुसऱ्या दिवशी मी तो खरवडून काढला आणि पुन्हा त्याच्यापुढे ठेवला, तेव्हा त्याने तो मला मारला.

डोक्याला मार लागलेल्या माणसाचा राग वेगळा असतो. तो चढत नाही, एकदम असतो. भाजीत मीठ कमी, पंखा हळू, दाराची कडी वाजली, एवढं पुरायचं. त्याने माझी दोन ताटं चेपली, आरसा फोडला, एकदा माझे केस धरून डोकं ओट्यावर आपटलं. भुवईला तीन टाके पडले. ग्रंथालयात मी सांगितलं, कपाटाचं दार लागलं. कोणी पुन्हा विचारलं नाही. पुस्तकांत राहणाऱ्या बाईला कपाटाचं दार लागणं लोकांना पटतं.

भाद्रपदात बाबा गेले. भावाला घेऊन मी गावी गेले. अग्नी देताना त्याचा उजवा हात चुलत्यांपैकी एकाने मनगटाशी धरून पुढे केला, बोटांभोवती बोटं आवळली आणि पेटतं लाकूड टेकवलं. माझा भाऊ स्वतःच्या हाताकडे परक्याच्या हाताकडे पाहावं तसा पाहत होता. मागे कोणीतरी हळूच म्हणालं, "पोरगं असून नसल्यासारखं झालं." त्याने ते ऐकलं. परतताना गाडीत तो एवढंच बोलला.

"अखाजीले बापाले पानी मी देईन. उजव्या हातानं. कोनी हात धरायचा नाई."

अखाजीला, म्हणजे अक्षय तृतीयेला, आमच्याकडे गेलेल्या माणसाच्या नावाने मातीची घागर भरतात. त्या वर्षात गेलेल्याची ती पहिली घागर. त्याला सात-आठ महिने होते. तेव्हापासून आमच्या घरात एकच गोष्ट उरली. अखाजीच्या आत त्याची मूठ वळायला हवी होती.

त्या कामाचा एक लहान डबा मला अमरावतीला सापडला. बाबांच्या नोकरीमुळे आमचं लहानपण अमरावतीत गेलं होतं. त्यांच्या निवृत्तिवेतनाच्या कागदांसाठी तिथे जावं लागे. जुन्या बाजारात मोबाईल दुरुस्त करणारे एक म्हातारे चाचा होते. त्यांच्या काचेखाली व्हिडिओ गेमचं एक यंत्र होतं, आम्ही शाळेत असताना टीव्हीला लावायचो अगदी तसंच, फक्त तळहातावर मावेल एवढं. जुन्या यंत्राची हुबेहूब नक्कल. आत कॅसेट घालायची जागाही होती, पण ती नुसती कोरलेली. खेळ आधीच आत भरलेले. मी बराच वेळ त्याच्याकडे पाहत उभी राहिले.

"म्याडम, किसके लिए?" चाचांनी विचारलं. मी सांगितलं, भावासाठी. वय विचारलं तर तेही सांगितलं.

"अजीब है. लोक पोरांच्या हातातून ही चीज हिसकून घेते, अन तुमी बुढाप्यात भावाले नेऊन देऊन राहिल्या."

मी हाताचं सांगितलं. ते हसायचे थांबले. स्टूल पुढे सरकवलं आणि मला तासभर त्या डब्याचा अभ्यास शिकवला. मी वहीत उतरवून घेतलं, कारण मला दुसऱ्या कोणत्याही रीतीने शिकता येत नाही.

त्यांनी सांगितलेलं सगळं खरं निघालं. टीव्हीच्या मागच्या खाचेतून वीज घेतली तर ती कमी पडते आणि चित्र थरथरतं, म्हणून मोबाईलचा चार्जर लावायचा. नवे टीव्ही चित्र आडवं ताणतात, माणसं बुटकी आणि फुगीर दिसतात. सेटिंगमध्ये जाऊन चित्र चौकोनी करायचं, बाजूला काळे पट्टे राहिले तर राहू द्यायचे. आणि सगळ्यांत महत्त्वाचं म्हणजे टीव्हीचा गेम मोड चालू करायचा. तो नसेल तर बटण दाबल्यावर चित्रातला माणूस क्षणभर उशिराने हलतो. धडधाकट माणसाला ते कळतही नाही. पण ज्याला एक बोट खाली न्यायला सगळा जीव गोळा करावा लागतो, त्याला समोरून उत्तर लगेच मिळायला हवं. उशिरा मिळालं तर त्याला वाटतं, आपण दाबलंच नाही.

वायर आखूड होती, मुलं टीव्हीच्या पुढ्यात बसतात त्या मापाची. चाचांनी जोडवायर दिली. हातात धरायचा कंट्रोलर त्याच्या हातात राहणार नव्हता. मी तो जेवायच्या पाटावर सायकलच्या ट्यूबने करकचून बांधला आणि पाट त्याच्या मांडीवर ठेवला, म्हणजे पंजा नुसता वर टेकवला की बोटं बटणांवर येत.

पहिला कंट्रोलर आठ दिवस टिकला. मग त्याने पाटासकट फेकला आणि टीव्हीची कड फुटली. चित्र शाबूत होतं. मी दुसरा बांधला.

मी त्याला सगळं लावून पाहिलं. गाड्यांची शर्यत, उड्या मारत फळं गोळा करणारा बुटका, पक्ष्यांवर नेम. हात मेलेलाच. तो डाव्या हाताने खेळायचा आणि उजवा बाजूला ठेवून द्यायचा. मी उजवा उचलून बटणांवर ठेवला की म्हणायचा, "ताई, मले नको शिकवू. मी काई तुही लायब्ररी नाई, मले नंबर चिटकवू नको."

मग मी एक गोष्ट केली, जी मला कोणी सांगितली नव्हती. पुढच्या खेपेला पेनड्राइव्ह घेऊन चाचांकडे गेले आणि आमच्या लहानपणीचा मारामारीचा खेळ त्यात भरून मागितला. त्या डब्यात तो नव्हता.

त्या खेळाबद्दल सांगायचं तर आमच्या चुलतभावाबद्दल सांगावं लागतं. तो पाचवीपासून दहावीपर्यंत आमच्या अमरावतीच्या घरी शिकायला होता. भावापेक्षा दोन वर्षांनी मोठा, माझ्यापेक्षा लहान. एका खोलीत आम्ही तिघं. राखी मी दोघांना बांधायची. बाबांचा त्याच्यावर जीव होता. त्याचं गणित चांगलं होतं आणि तो बाबांचे पाय न सांगता चेपायचा. त्या खेळात दोन माणसं समोरासमोर उभी राहून एकमेकांना लाथाबुक्क्यांनी मारत. चुलतभाऊ दर वेळी जाडा, उघड्या अंगाचा पैलवान निवडायचा. उकिडवा बसून खेळायचा आणि नेहमी जिंकायचा. जिंकला की भावाच्या डोक्यावर बोटाच्या पेराने टक्‌ करून मारायचा. "मेला गा तू. ऊठ, पुन्हा मर." भाऊ रडत पुन्हा खेळायचा. दोन-तीनदा त्यांची खरी मारामारी झाली, दात हलले, बाबांनी दोघांना पट्ट्याने मारलं. आमच्या घरात मारणं ही मोठी गोष्ट नव्हती. मारून झालं की लोक जेवायला बसत.

तो खेळ लावला. समोरचा गडी मी आपोआप येऊ दिला, चिनी टोपीवाला कोणीतरी आला. भावाचा उजवा हात पाटावर तसाच पडून. पुढच्या डावाला नशिबाने पैलवान आला.

त्याची पहिली दोन बोटं खाली गेली.

बटण दाबलं गेलं नाही, पण ट्यूबचा रबर दबल्याचं मी पाहिलं. मी डाव थांबवला, दुसरा कंट्रोलर घेतला आणि स्वतः पैलवान निवडला. तो माझ्याकडे एकदा बघून पडद्याकडे वळला. कपाळावर घाम, जबडा आवळलेला. त्या संध्याकाळी त्याने मला एक ठोसा मारला. एकच. पैलवानाचं डोकं मागे गेलं. मी आनंदाने रडले, हे मला लपवायचं नाही.

त्यानंतर रोज चार ते सहा, वीज असेल तेव्हा, मी पैलवान व्हायची आणि मार खायची. मी नुसती उभी राहिले तर तो चिडायचा. "मार ना. काहून उभी आहेस खांबासारखी? तो असा उभा राहाते काय?" म्हणून मी मारायलाही शिकले. जितकं मी मारायची तितका त्याचा हात जागा व्हायचा. 'तो' कोण, हे त्याने सांगितलं नाही आणि मी विचारलं नाही. मला ते पहिल्याच संध्याकाळी कळलं होतं. कळूनही मी रोज तोच गडी निवडला. दुसरा निवडला की हात झोपायचा. एकदा मी मुद्दाम आठवडाभर दुसरे गडी घेतले. व्यायामाच्या बाई येऊन म्हणाल्या, पकड मागे गेली आहे. आठव्या दिवशी मी पैलवानाकडे परत आले.

डब्यातून जेवढं काढता येईल तेवढं मी काढलं. कोणत्या बटणाने काय व्हावं, हे आपल्याला बदलता येतं. सुरुवातीला सगळा मार मी तर्जनीखालच्या बटणावर ठेवला. ती जोर धरू लागली की ठोसा मधल्या बोटाखाली नेला, लाथ अंगठ्याखाली. दर पंधरवड्याला ठोसा पुढच्या बोटाकडे सरकायचा आणि ते बोट शिव्या खात खात जागं व्हायचं. करंगळीला सगळ्यांत जास्त दिवस लागले. खेळ थोडा मागे नेऊन पुन्हा पाहायची सोयही त्यात होती. चुकलेली चाल सुधारायला ती दिलेली असते. माझा भाऊ ती पैलवान पडताना वापरायचा. पडला की मागे, पुन्हा पडला की मागे. त्याच्या माराला एक ताल आला होता. दोन झटपट, मग जरा थांबून तिसरा, खालून वर. तो तिसरा मला कधीच अडवता आला नाही.

होळीला त्याने उजव्या हाताने पाण्याचा पेला उचलला. पेला हिंदकळला, पण तोंडापर्यंत गेला. त्या दिवसापासून त्याने खेळाबाहेर मला मारणं बंद केलं. मी ते बरं होण्याचं लक्षण धरलं. राग गेला नव्हता, तो साठवायला शिकला होता, हे मला आज दिसतं.

चैत्रात मायचा फोन आला. चुलतभाऊ जामिनावर सुटून गावात होता. भाऊकीतली वडीलधारी माणसं समेटाचं म्हणत होती. एकाच आडनावाची चार घरं एकमेकांच्या दारावरून तोंड फिरवून जात होती, ते कोणालाच सोसत नव्हतं. माय म्हणाली, "अखाजीले मी त्यालेच पितर सांगतलं."

याचा अर्थ सांगायला हवा. अखाजीला घागर भरल्यावर भाऊकीतल्या एखाद्या पुरुषाला गेलेल्या माणसाच्या जागी जेवायला बसवतात. त्याला पितर म्हणतात. मुलाने त्याच्या पायांवर पाणी घालायचं, कपाळाला गंध लावायचं, पहिला घास त्याच्या तोंडी जाईपर्यंत घरात कोणी खायचं नाही. पाटावर बसल्यापासून उठेपर्यंत तो माणूस बाप असतो.

"त्याले काहून?" मी विचारलं.

"त्याईनं त्याले पोसलं. त्याच्या हातून पाय चेपून घेतले. दुसरा कोन बसन त्याईच्या पाटावर?" मग आवाज खाली आणून म्हणाली, "अन बाई, पितराच्या पाटावर बसलेल्यावर कोनी हात नाई उचलत. एकदा त्याच्या पायावर यानं पानी टाकलं की भांडन सरलं. मंग कोर्टातबी काई राहात नाई."

तेव्हा मी सांगायला हवं होतं, की माय, हा रोज दोन तास त्याला मारतो आणि मी त्याला शिकवते. मी म्हणाले, "बरं." माझ्या मनात भावाच्या बोटांत धरलेला तांब्या होता. लोक बघतील, असं मला वाटत होतं.

अखाजीला सगळं मायच्या मनासारखं झालं. अंगणात मांडव टाकलेला, ऊन डोक्यावर आलेलं. भावाने घागरीत पाणी ओतलं, उजव्या हाताने, कोणी हात धरला नाही. म्हातारे एकमेकांकडे बघून माना हलवत होते. चुलतभाऊ पांढरी टोपी घालून आला. वर्षभरात सुकला होता. माझ्याकडे न पाहता "ताई" एवढंच म्हणाला. भावाने त्याच्या पायांवर पाणी घातलं, पाय पुसले, गंध लावलं. गंध लावताना चुलतभावाने डोकं पुढे वाकवलं आणि डोळे मिटले. पाटावर बसला. चिंचगुळाची चिंचवणी, शेवया, वडे, कुरडया वाढल्या. त्याने पहिला घास घेतला तेव्हा मायने पदराने डोळे पुसले.

"वाढ रे त्याले," माय भावाला म्हणाली.

भाऊ स्वयंपाकघरात गेला आणि वरवंटा घेऊन आला. तो उजव्या हातात होता. चारही बोटं आणि अंगठा त्याभोवती पूर्ण वळलेले होते. मी आधी त्या बोटांकडे पाहिलं. तो काय करणार आहे, हे माझ्या लक्षात नंतर आलं, आणि त्या दोहोंमधल्या वेळात मला ओरडता आलं असतं.

दोन झटपट. मग जरा थांबून तिसरा, खालून वर, जबड्यावर.

चुलतभाऊ उठला नाही. त्याला दुसऱ्या घावाआधी उठता आलं असतं, तो भावापेक्षा ताकदवान होता. त्याने हातही वर केला नाही, घास घेतलेला हात ताटावरच राहिला. पितराने ताटावरून अर्धवट उठू नये असं म्हणतात, म्हणून तो बसून राहिला की त्याला काही कळलंच नाही, ते मी सांगू शकत नाही. रक्त चिंचवणीत पडलं. मायने भावाच्या कमरेला मिठी घातली, तेव्हा तो थांबला. त्याने वरवंटा खाली टाकला नाही, जागेवर नीट ठेवला, आणि पंजा उघडून, मिटून पाहिला.

जीपमध्ये चुलतभावाचं डोकं माझ्या मांडीवर होतं. मूर्तिजापूरच्या अलीकडे त्याने डोळे उघडले. शब्द तुटत होते, पण मला नीट ऐकू आलं. "ताई, ताट अर्धंच राह्यलं." अकोल्याला पोचलो तेव्हा डॉक्टरांनी त्याच्याकडे पाहून मान हलवली.

भाऊकी एक, म्हणून सुतक आम्हालाही होतं. दहा दिवस माय आणि मी जमिनीवर झोपलो, तेल लावलं नाही, देवाला हात लावला नाही. चुलतभावाच्या आईच्या, मोठ्या काकूंच्या दारात जायचं तोंड आम्हाला नव्हतं, तरी नदीवर एकाच वेळी, एकमेकींपासून लांब बसून, आंघोळी केल्या. काकूंनी एकदा पाण्यातून माझ्याकडे पाहिलं आणि म्हणाल्या, "दोघाईले राखी बांधत होतीस." मेलेला वयाने मोठा, म्हणजे धाकट्यांनी डोकं करायचं, म्हणजे मुंडण करायचं असतं. माझा भाऊ कोठडीत होता. तिथल्या शिपायाने भाऊकीतल्या म्हाताऱ्यांना विचारलं, यालाही करायचं का. त्यांतला एक जण म्हणाला, "कायदा कायद्याच्या जागी. सुतक तं त्यालेबी आहे." कोठडीतच न्हावी नेऊन त्याचं डोकं केलं.

भेटायला गेले तेव्हा तो जाळीपलीकडे तसाच उभा होता, चकचकीत डोकं, डाव्या बाजूला उभारीची खोक. वकिलांनी त्याला एक मार्ग सांगितला होता. दवाखान्याच्या जुन्या कागदावर उजवा हात निकामी असं लिहिलेलं होतं, त्यानंतर कोणा डॉक्टरने तपासला नव्हता. अंगणात गर्दी होती, गोंधळ होता, घाव दुसऱ्या कोणाचा असेल असं म्हणता आलं असतं. मी आणि मायने एवढंच म्हणायचं होतं, की हात चालत नव्हता.

"वकील सांगून गेला ना तुले?" भावाने विचारलं.

"सांगून गेला."

"तसं म्हनू नको, ताई." त्याने उजवा हात जाळीला लावला आणि माझ्यासमोर सावकाश मूठ वळवली. करंगळीही आत गेली. "पाह. पुरी वळते आता. हात चालत नव्हता म्हनशील तं मंग वर्षभर तू काय करून राहिली होती?"

त्याच्या चेहऱ्यावर तो पेला उचलला होता त्या दिवसासारखा आनंद होता. चुलतभावाबद्दल तो काही बोलला नाही. मी त्या मुठीकडे पाहत राहिले, आणि खरं लिहायचं ठरवलंच आहे तर हेही लिहिते, की ती नीट वळलेली पाहून मला बरं वाटलं. लगेच मी बाहेर येऊन भिंतीला धरून ओकले.

माय न्यायालयात म्हणाली, हात चालत नव्हता. मला विचारलं तेव्हा मी सांगितलं, चालत होता, पाचही बोटं. सरकारी वकिलांनी विचारलं, कधीपासून. मी सांगितलं, होळीपासून पेला उचलत होता. त्यांनी तेवढं लिहून घेतलं आणि मला खाली उतरायला सांगितलं. माय त्यानंतर माझ्याशी बोलली नाही. ती गेली तेव्हा माझ्या हातचं पाणीही तिने घेतलं नाही, आणि मी आग्रह केला नाही.